आपसांत मिटल्यानंतर फौजदारी गुन्हा रद्द करून घेण्याची प्रक्रिया

भाऊबंदांच्या बैठकीत भांडण मिटले आणि फिर्यादीने ‘माझी आता तक्रार नाही’ असे पोलीस ठाण्यात लिहून दिले, की गुन्हा संपला, असा समज कोल्हापूर जिल्ह्यात अजूनही आढळतो. गुन्हा नोंदवला गेल्यावर खटला राज्य शासनाचा होतो आणि केवळ फिर्यादीच्या लेखी जबाबावर पोलिसांना तो मागे घेता येत नाही.

म्हणून आधी एफआयआरमधील कलमे पाहावीत. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (पूर्वीची फौजदारी प्रक्रिया संहिता) कलम 359 मध्ये तडजोडयोग्य गुन्ह्यांचे दोन तक्ते आहेत: पहिल्यातील गुन्हे पक्षकार स्वतः मिटवू शकतात, दुसऱ्यातील गुन्ह्यांना न्यायालयाची परवानगी लागते. हुपरीतल्या चांदीच्या व्यवहारात फसवणुकीचा गुन्हा नोंदला गेला असेल आणि पैसे परत मिळाले असतील, तर ज्या न्यायालयात खटला चालू आहे तिथेच परवानगीचा अर्ज करता येतो. अशा तडजोडीचा परिणाम निर्दोष मुक्ततेइतकाच असतो. लोकअदालतीतही तडजोडयोग्य गुन्हेच मिटतात. एवढ्याने भागत असताना उच्च न्यायालयाचा खर्च करणे शहाणपणाचे नाही.

विवाहितेच्या छळाचे कलम (जुन्या भारतीय दंड संहितेचे 498-अ, आता भारतीय न्याय संहितेचे 85) किंवा बनावट दस्तऐवजाची कलमे, म्हणजे या तक्त्यांत नसलेली कलमे लागली असतील, तर मात्र गुन्हा रद्द करून घेण्यासाठी नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 528 खाली, म्हणजे पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या 482 खाली, उच्च न्यायालयातच जावे लागते. त्यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर येथील सर्किट बेंचचे (खंडपीठाचे) काम सुरू झाले असून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणे तिथे चालतात.

तडजोड झाली म्हणून आदेश मिळतोच असे नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2012 च्या ग्यानसिंग निकालात कौटुंबिक, व्यापारी आणि देण्याघेण्यातून उद्भवलेले, मुळात दिवाणी छटेचे वाद तडजोडीवरून गुन्हा रद्द करण्यास योग्य मानले. खून, बलात्कार, दरोडा यांसारखे गुन्हे मात्र समाजाविरुद्धचे असल्याने पक्षकारांच्या संमतीवर सोडले नाहीत. बांधावरच्या मारामारीत खुनाच्या प्रयत्नाचे कलम लागले असेल, तर 2014 च्या नरिंदरसिंग निकालानुसार न्यायालय केवळ कलमाच्या नावावर थांबत नाही. जखम शरीराच्या कोणत्या भागावर, कोणत्या हत्याराने झाली आणि तडजोड कोणत्या टप्प्यावर झाली, हे तपासते. घटनेनंतर लवकर, दोषारोपपत्रापूर्वी झालेल्या तडजोडीकडे अनुकूलतेने पाहिले जाते, तर पुरावा नोंदवून संपत आल्यावर आलेल्या अर्जात न्यायालय सहसा हात आखडता घेते.

अर्ज आरोपी करतो. राज्य शासन आणि फिर्यादी हे दोघे प्रतिवादी असतात. एफआयआरची आणि दाखल झाले असल्यास दोषारोपपत्राची प्रत, तडजोडीच्या अटींचा लेखी करार, वकीलपत्र, दोन्ही बाजूंचे ओळखपत्र आणि फिर्यादीचे संमतीचे प्रतिज्ञापत्र सोबत जोडावे. या प्रतिज्ञापत्रावरच बहुतेक भिस्त असते: वाद नेमका कसा मिटला, किती रक्कम मिळाली, किती बाकी आहे आणि संमती दबावाविना दिली आहे, हे त्यात स्पष्ट यावे; ‘आमचे मिटले आहे’ एवढे एक वाक्य पुरत नाही. जखमी व्यक्ती फिर्यादीहून वेगळी असेल, तर तिचेही प्रतिज्ञापत्र घ्यावे. अनेकदा याच मुद्द्यावर तारीख पुढे जाते. उच्च न्यायालयाची भाषा इंग्रजी असल्याने मराठी कागदांचे भाषांतर करून घ्यावे.

सुनावणीला फिर्यादीने हजर राहण्याची तयारी ठेवावी, कारण न्यायमूर्ती संमतीबद्दल थेट विचारू शकतात. पोलीस यंत्रणेचा वेळ गेला म्हणून आरोपीला काही रक्कम भरण्याचा आदेशही होऊ शकतो आणि ती मुदतीत भरून पावती सादर करावी लागते. आदेशाची प्रमाणित प्रत खालच्या न्यायालयात आणि पोलीस ठाण्यात स्वतः नेऊन द्यावी. ती पोहोचली नाही तर तिकडे तारखा पडत राहतात आणि गैरहजेरीबद्दल वॉरंटही निघू शकते.