मुंबईत रायफलचा परवाना: अर्ज, कागदपत्रे आणि तुंबलेल्या नळीचा धडा

मुंबईत राहणाऱ्याला रायफलचा परवाना पोलीस आयुक्त देतात. जिल्ह्यात तो अधिकार जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे असतो. आजोबांची बंदूक कोकणात गावी आणि आपण राहतो दादरला, अशा घरांचा इथेच गोंधळ होतो. अर्ज आपण राहतो किंवा व्यवसाय करतो तिथल्या अधिकाऱ्याकडे करायचा. परवानाधारक वारल्यावर वारसाला अर्ज करता येतो. धारकाचे वय ७० झाले असेल किंवा त्याने २५ वर्षे शस्त्र बाळगले असेल, तर त्याच्या हयातीतही वारसाच्या नावे अर्ज चालतो. मात्र धारक गेल्यावर वारसाचा परवाना होईपर्यंत बंदूक माळ्यावर ठेवू नका. ती पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक शस्त्रविक्रेत्याकडे जमा करा.

वयाची २१ वर्षे पूर्ण हवीत. हिंसाचाराच्या किंवा नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात कैद झाली असेल, तर ती भोगून संपल्यावरही ५ वर्षे परवाना मिळत नाही.

अर्ज केंद्रीय गृह मंत्रालयाच्या शस्त्र परवाना पोर्टलवर, नमुना ए-१ मध्ये भरतात. सोबत पांढऱ्या पार्श्वभूमीचे ४ पासपोर्ट फोटो, जन्मतारखेचा, ओळखीचा आणि पत्त्याचा पुरावा, शस्त्र सुरक्षित ठेवण्याचे हमीपत्र आणि नमुना एस-३ मधले वैद्यकीय प्रमाणपत्र लागते. त्यात अर्जदार नशेच्या आहारी गेलेला नाही, असा स्पष्ट उल्लेख हवा. शस्त्र कशासाठी हवे, हे मोघम लिहू नका. नेमबाजीसाठी असेल तर तसे लिहा. जिवाला धोका असेल तर त्याची कागदपत्रे जोडा. २०१६ च्या शस्त्र नियमांनुसार पोलीस ठाण्याचा अहवाल ३० दिवसांत आणि त्यानंतर ६० दिवसांत निर्णय अपेक्षित आहे. नकार आला तर ३० दिवसांत अपील करता येते.

राहिले नमुना एस-१ चे प्रशिक्षण प्रमाणपत्र. बहुतेक अर्जदार याला निव्वळ सोपस्कार समजतात, आणि माझ्या मते सगळ्या फाइलमध्ये जीव वाचवणारा कागद हाच आहे. प्रशिक्षणात शस्त्राची हाताळणी, साठवण आणि निगा शिकवतात. तिथे एक प्रश्न आवर्जून विचारा: नळी तुंबलेली असताना चाप ओढला तर काय होते?

काडतुसातली दारू पेटली की तिचा वायू गोळीला पुढे ढकलतो. वाटेत माती, सफाईची चिंधी किंवा आधीची अडकलेली गोळी असेल, तर गोळीचा वेग एकदम खुंटतो आणि तेवढ्या जागेत दाब प्रचंड वाढतो. मग नळीला कड्यासारखा फुगवटा येतो, नाहीतर ती चिरते. काडतूस बसते तिथे नळी जाड असते, तोंडाकडे पातळ. अडथळा मधोमध असला, तर फुटण्याची जागा नेमकी पुढच्या हाताच्या पकडीजवळ येते.

मुंबईच्या पावसाळ्यात गंज चढू नये म्हणून नळीत जाड ग्रीस भरतात. तेही अडथळाच आहे. गोळीबाराआधी नळी कोरडी पुसून काढलीच पाहिजे. त्याहून घातक म्हणजे फुसका बार. आवाज नेहमीपेक्षा दबका आला, धक्का जाणवला नाही, की तिथेच थांबा. गोळी नळीतच अडकलेली असू शकते. रायफलचे तोंड सुरक्षित दिशेला धरून किमान अर्धा-एक मिनिट थांबा, मग रिकामी करा आणि नळी आरपार दिसते का, हे मागच्या बाजूने पाहा. दुसरी गोळी झाडून पहिली बाहेर काढू, हा विचार हात गमावायला पुरेसा आहे. अडकलेली गोळी परवानाधारक दुरुस्ती करणाऱ्याकडूनच काढून घ्या.

नळी मुद्दाम तुंबवून रायफल कशी फुटते, याच्या चाचण्या होतात. त्यात रायफल चौकटीत जखडतात आणि माणूस आडोशाआड राहून दोरीने चाप ओढतो. ते चित्रण पाहून घरच्या जुन्या रायफलीवर प्रयोग करू नका. शस्त्र अधिनियम १९५९ च्या कलम ५ नुसार शस्त्रांच्या चाचणीसाठी वेगळा परवाना लागतो. तुमचा वैयक्तिक परवाना त्याला पुरत नाही. २०१९ च्या दुरुस्तीनंतर या कलमाच्या भंगाला किमान ७ वर्षे कैद आहे.

याच दुरुस्तीने परवान्याची मुदत ३ वरून ५ वर्षांवर नेली आणि सर्वसाधारण परवानाधारकाला जास्तीत जास्त २ शस्त्रांची मर्यादा घातली. वारशाने आलेली बंदूकही त्यात मोजली जाते, हे नवी घेण्याआधी लक्षात घ्या.