अदृश्य नाट्य

पूर्ण तालीम करून सार्वजनिक जागी सादर केलेले, पण नाटक चालू आहे हे भोवतालच्या लोकांना कधीच कळू न देणारे नाट्य. ब्राझीलचे दिग्दर्शक आउगुस्तो बोआल (१९३१–२००९) यांनी ते १९७०च्या दशकाच्या आरंभी अर्जेंटिनात विकसित केले. १९६४च्या लष्करी उठावानंतर ब्राझीलमध्ये सेन्सॉरशिप वाढत गेली. १९७१मध्ये बोआल यांना अटक झाली, त्यांचा छळ झाला आणि नंतर त्यांना देश सोडावा लागला. परक्या देशातही उघडपणे राजकीय नाटक करणे त्यांना धोक्याचे होते. प्रयोग जाहीरच केला नाही, की परवानगी मागावी लागत नाही आणि संहिता तपासणीला जात नाही.

पेरूमधील चिक्लायो येथे, एका हॉटेलच्या भोजनगृहात झालेला प्रयोग प्रसिद्ध आहे. एका नटाने ७० सोलचा (सोल हे पेरूचे चलन) पदार्थ मागवून खाल्ला आणि पैसे नसल्याने मजुरी करून बिल फेडतो, असे सांगितले. कचरा उचलणाऱ्याला तासाला ७ सोल मिळतात, हे दुसऱ्या टेबलावरून कळले. दहा मिनिटांच्या जेवणासाठी दहा तासांची मजुरी! इतर टेबलांवर विखुरलेल्या नटांनी वाद पेटता ठेवला, अखेरीस बिलासाठी वर्गणीही सुरू झाली.

विषय असा हवा की ऐकणाऱ्याला गप्प बसता येणार नाही. मुख्य पात्रांचे संवाद लिहून पाठ करतात, आणि लोक कोणती उत्तरे देतील याचा अंदाज बांधून त्यांचीही तालीम करतात. काही नट गर्दीत बसून फक्त चर्चा पुढे नेतात. कित्येकदा प्रयोग तेच तारतात. जागेची आधी पाहणी करून बाहेर पडण्याच्या वाटा ठरवाव्या लागतात.

प्रयोग फसतो तो बहुधा अतिअभिनयाने: आवाज रंगमंचासारखा लागला, की लोक बघे होतात. मुख्य नटच सतत बोलत राहिला, तरी तेच होते. नटांनी हिंसा करायची नाही, हा बोआल यांचा कडक दंडक होता. समाजात आधीच असलेली हिंसा दाखवणे हा हेतू. प्रयोगानंतरही खुलासा करत नाहीत, कारण ‘हे नाटकच होते’ म्हटल्यावर मांडलेला प्रश्नही खोटा ठरतो. मात्र नकळत सामील झालेल्यांची संमती घेतलेली नसते. म्हणून वेटरसारख्या नोकरदाराला प्रसंगाची झळ बसेल असा आराखडा तालमीतच बदलावा लागतो.