नाकाचं माप आणि धोट्याचं सूत

लोकलमध्ये समोर बसलेल्या माणसाचं नाक बघून त्याची जात ओळखता येते, असं छातीठोकपणे सांगणारे लोक मला अजून भेटतात. या समजुतीवर शास्त्राचा शिक्का बसला तो इंग्रजी अमलात. हर्बर्ट रिस्ले या सनदी अधिकाऱ्याने १८८० च्या दशकात बंगाल प्रांतात माणसांची नाकं मोजायला घेतली. हिशेब सोपा होता. नाकाच्या रुंदीला उंचीने भागायचं आणि आलेल्या आकड्याला शंभराने गुणायचं. नाक ५० मिलिमीटर उंच आणि ३५ रुंद असेल तर निर्देशांक ७०. आकडा ८५ च्या वर गेला की नाक बसकं. जात जितकी वरची तितकं नाक सरळ, असा नियम रिस्लेने यातून काढला. वरच्या जाती आर्य वंशाच्या आणि खालच्या वेगळ्या, हे त्याने मनाशी आधीच धरलेलं होतं. पुढे १९०१ च्या जनगणनेचा तो आयुक्त झाला आणि त्या जनगणनेत जातींची सामाजिक उतरंड सरकारी कागदावर मांडली गेली.

मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र शिकवणारे गोविंद सदाशिव घुर्ये यांनी १९३२ साली या मापांची झाडाझडती घेतली. उत्तर हिंदुस्थानाच्या एका पट्ट्याबाहेर, आणि आपल्या महाराष्ट्रात तर नक्कीच, हा नियम टिकत नव्हता. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४८ साली घुर्ये यांचेच आकडे पुढे ठेवून विचारलं की, नाकावरून वंश ठरत असेल तर ब्राह्मण आणि अस्पृश्य एकाच वंशाचे निघतात, मग अस्पृश्यतेचं मूळ वंशात कसं? मला हा सगळा वाद फार महत्त्वाचा वाटतो. विरोधकाची मोजपट्टी नाकारणं सोपं असतं. तीच पट्टी हातात घेऊन त्याचं म्हणणं खोडून काढायला अभ्यास लागतो.

नाकाच्या रुंदीबद्दल आज आपल्याला बरंच कळलंय. तिचा संबंध पूर्वज कुठल्या हवेत राहिले याच्याशी लागतो. थंड, कोरडी हवा फुप्फुसात जाण्याआधी उबदार आणि ओलसर व्हावी लागते, आणि अरुंद नाकपुड्यांत ते काम चांगलं होतं. जनुकांचा अभ्यास त्याहून पुढे गेला आहे. हैदराबादच्या सीसीएमबी या पेशी आणि रेणूंवर संशोधन करणाऱ्या संस्थेतल्या आणि अमेरिकेतल्या संशोधकांनी २०१३ साली दाखवलं की साधारण ४,२०० ते १,९०० वर्षांपूर्वीच्या काळात भारतात दोन प्राचीन लोकसमूहांची सरमिसळ झाली. तिच्या खुणा आपल्या जवळजवळ प्रत्येक जातीत आणि जमातीत सापडतात. प्रमाण कमीजास्त असतं, पण शुद्ध असा कुणी उरलेला नाही. जातीतच लग्न करायची कडक चाल रुळली ती या सरमिसळीनंतर.

मग मुंबईत माणसामाणसांत इतकं अंतर पडलं कशाने? आमच्या घरात एक धोटा आहे, म्हणजे मागावर आडवं सूत इकडून तिकडे नेणारं साधन. गिरणी बंद पडल्यावर भंगारात निघालेला हा धोटा आजोबांनी उचलून आणला. गुळगुळीत लाकूड, दोन्ही टोकांना लोखंडी टोपी, पोटात सुताची कांडी बसवायची खाच आणि कडेला ज्वारीच्या दाण्याएवढं भोक. कांडी संपली की विणकर नवी बसवायचा, भोकाला तोंड लावायचा आणि श्वास आत ओढून सुताचं टोक बाहेर काढायचा. दिवसभरात हे कितीतरी वेळा. सुताबरोबर कापसाची धूळही छातीत जायची. एकच धोटा अनेकांच्या तोंडाला लागत असल्यामुळे थुंकीतून रोगही पसरायचे.

आणि याच भोकापाशी जात आडवी आली. महाराच्या तोंडाला लागलेला धोटा आम्ही तोंडाला लावणार नाही, असं सवर्ण विणकर म्हणत. त्यामुळे अस्पृश्यांना साचे खात्यात, म्हणजे विणकामाच्या विभागात, प्रवेश नव्हता, आणि विणकराची कमाई कताईवाल्यापेक्षा चांगली होती. माझे पणजोबा हयातभर सूत कातायच्या रिंग खात्यातच राहिले. १९२८ च्या मोठ्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न लावून धरला, तेव्हा कामगारांच्या एकजुटीत फूट पडेल म्हणून काही पुढाऱ्यांना तो अवघड वाटला होता. पगाराची ती तफावत मग खोलीत, शाळेत, औषधपाण्यात उतरत गेली.

खोलीबद्दल थोडं सांगायलाच हवं. १८९६ साली मुंबईच्या मांडवी भागात प्लेग सापडला आणि अंधाऱ्या, कोंदट वस्त्यांकडे सरकारचं लक्ष गेलं. १८९८ मध्ये शहर सुधारायला इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट आला, दाट वस्त्या पाडून रस्ते रुंद झाले, पण उठवलेली गरीब माणसं शेजारच्या चाळींत आणखी दाटीने राहू लागली. १९२० च्या दशकात बीडीडी, म्हणजे बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट या सरकारी खात्याच्या, चाळी उभ्या राहिल्या. एका कुटुंबाला १६० चौरस फुटांची एक खोली आणि मजल्यावर सामाईक संडास.

जुलै २०२० मध्ये महापालिका, नीती आयोग आणि टाटा मूलभूत संशोधन संस्था यांनी दहिसर, चेंबूर आणि माटुंगा भागांतल्या तीन वॉर्डांत ६,९३६ लोकांचं रक्त तपासलं. झोपडपट्टीत ५७ टक्के लोकांच्या रक्तात कोरोनाची प्रतिपिंडं सापडली, झोपडपट्टीबाहेर १६ टक्के. वॉर्ड तेच, पाऊस तोच, बाजारही बऱ्याचदा तोच. वस्ती किती दाट आणि नळ, संडास किती जणांत मिळून, यात मात्र फार फरक. दाराची एकच कडी दिवसभरात किती हातांना लागते, हे चाळीत वाढलेल्याला समजावून सांगावं लागत नाही.

वरळीच्या बीडीडीतल्या पहिल्या कुटुंबांना २०२५ साली ५०० चौरस फुटांच्या घरांच्या किल्ल्या मिळाल्या. माझी आत्या त्यांतली एक. नव्या घरात पहिले काही दिवस ती पहाटे चारला उठायची, रांग लागायच्या आत जाऊन यावं म्हणून बादली घेऊन बाहेरच्या दारापर्यंत पोचायची, आणि मग परत फिरायची.