वाकळ-दुलईची धुणी (बेळगाव सीमाभाग)

वाकळ, दुलई, रजई आणि अलीकडे घरोघर आलेले कंफर्टर अशी जाड पांघरुणे घरीच धुण्याची, वाळवण्याची आणि जपून ठेवण्याची रीत. बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या कर्नाटकातल्या मराठी बोलीच्या मुलखात हे काम वर्षातून दोनदा निघते. एकदा वैशाखात, पाऊस लागायच्या आधी. दुसऱ्यांदा भाद्रपदाच्या वद्य पक्षात, घट बसायच्या आधी. या दुसऱ्या खेपेला ‘दसऱ्याची धुणी’ म्हणतात आणि तिची तयारी सणासारखीच असते. घरातले सगळे हातरूण-पांघरूण बाहेर निघते, उशांचे अभ्रेसुद्धा सुटत नाहीत.

धुण्याची पद्धत ठरते ती पांघरुणाच्या आत काय आहे यावरून. वाकळीच्या पोटात कापूस नसतो. जुनी लुगडी, धोतरे, चादरी यांचे चार-सहा थर एकावर एक अंथरून ते धावदोऱ्याने शिवलेले असतात आणि वर बहुधा एखादे धड राहिलेले इरकली लुगडे असते. कन्नड शेजारी हिलाच कौदी म्हणतात. खानापूरच्या रानपट्ट्यात आणि पलीकडे हल्याळकडे राहणाऱ्या सिद्दी (मूळ आफ्रिकेतून आलेल्या समाजाच्या) बायकांची कवंदी याच कुळातली. तिचे तुकडे कडेपासून मध्याकडे जोडत नेतात आणि चार कोपऱ्यांवर कापडाची ‘फुले’ बसवतात. दुलई-रजईची गोष्ट वेगळी. दोन कापडांमध्ये पिंजलेला कापूस पसरून वीत-वीत अंतराने टाके घातलेले असतात. कंफर्टरमध्ये बहुधा पॉलिस्टरचा तंतू असतो आणि तो यंत्राने चौकटी-चौकटींत बांधलेला असतो.

म्हणून धुवायला काढण्याआधी टाके पाहावेत. वरचे कापड चिमटीत धरून हलवले आणि आतला भर जागेवर राहिला, तर ते पाण्यात घालता येते. भर बोटांखाली सरकला, तर पाणी लागू देऊ नये. कापसाची दुलई भिजली की तिच्यात गाठी होतात आणि त्या वाळल्यावर सुटत नाहीत. एका कोपऱ्यात ढीग, दुसरीकडे नुसते कापड, अशी तिची अवस्था होते. दुलई धुवायची म्हणजे तिची खोळ धुवायची. आत घालायचे ते ऊन. दोन-चार वर्षांनी खोळ उसवून कापूस पिंजाऱ्याकडे द्यावा. या भागात पिंजारी किंवा नदाफ हेच काम पिढ्यान्‌पिढ्या करत आले; पूर्वी ताणलेल्या तातीच्या धनुकलीने, आता विजेच्या यंत्रावर. पिंजून आलेला कापूस फुगतो आणि तीच दुलई पुन्हा नव्यासारखी ऊब देते. धुण्याचे द्रव जितके विकले जातात तितकी ही साधी गोष्ट लोकांना सांगितली जात नाही, याची खंत वाटते.

वाकळ मात्र पाण्याचीच. आधी उसवलेले टाके घालून घ्यावेत, कारण भिजलेल्या कापडाच्या ओझ्याने बोटभर उसवण हातभर होते. इरकलीचा तांबडा पदर वर असेल तर पांढरे ओले फडके त्यावर दाबून रंग सुटतो का ते बघावे. मग रात्रभर पाण्यात धुण्याचा सोडा विरघळवून भिजत घालावी. अथणीकडे बोअरचे पाणी जड असते, त्यात साबणाला फेस येत नाही. तिथे सोडा जास्तच उपयोगी पडतो, कारण तो पाण्याचा जडपणा मारतो. रिठ्याच्या पाण्यानेही वाकळ निघते, फक्त वेळ जास्त लागतो.

डागांची घाई पहिल्याच दिवशी करावी. रक्त आणि लघवी यांना आधी गार पाणी; गरम पाण्याने रक्तातले प्रथिन धाग्यात आवळते आणि डाग पक्का होतो. बाळंतिणीच्या वाकळीला तेल आणि हळद दोन्ही लागलेली असतात. तेलाच्या जागी डाळीचे पीठ चोळून थोडा वेळ ठेवावे, मग साबण. हळदीला साबण लागला की डाग एकदम तांबडा होतो आणि नवख्या सुनेच्या छातीत धस्स होते. घाबरायचे कारण नाही. साबणाच्या क्षाराने हळदीचा रंग पालटतो. खळबळून काढले की तो पुन्हा पिवळा होतो आणि दोन-तीन दिवसांच्या कडक उन्हात फिकटून जातो. घासून घासून कापड विरवण्यापेक्षा तिथे उन्हावर भरवसा ठेवावा.

धुणी नदीवर नेण्याची चाल अजून पुरती मोडलेली नाही. खानापुरात मलप्रभा, बेळगावच्या उत्तरेला कंग्राळी-काकतीकडे मार्कंडेय, संकेश्वरला हिरण्यकेशी, निपाणीजवळ यमगर्णीला वेदगंगा, सदलग्याला दूधगंगा. खडकावर वाकळ पसरून ती पायाने तुडवतात. हा उपाय चांगला आहे. तळव्याचा दाब सगळीकडे सारखा पडतो, मळ थराथरांतून बाहेर येतो आणि टाका तुटत नाही. धोपाटण्याने मात्र जुने सूत फुटते. त्याहून मोठे नुकसान पिळताना होते. ‘अक्का, तिकडचं टोक धर की’ म्हणत दोघी दोन बाजूंनी वाकळ पिळतात, दोराच्या वेढ्यासारखी ती आवळत जाते आणि मधोमध धाग्यांचा कटकट आवाज येतो. जाड वाकळ पिळूच नये. घडी करून उतरत्या खडकावर किंवा न्हाणीच्या उताराला अर्धा तास ठेवावी, वरून हाताने दाबावी. निम्मे पाणी आपोआप निघून जाते. साबणाचे पाणीही प्रवाहात सोडू नये. घंगाळ काठापासून लांब नेऊन तिथेच ते ओतावे, कारण त्याच डोहात खालच्या अंगाला गुरे पाणी पितात.

यंत्रात धुण्याजोगे पांघरूण म्हणजे कंफर्टर, तोही लेबल वाचून. घरातले सहा-सात किलोंचे यंत्र दोन माणसांच्या कंफर्टरला अपुरे पडते. कोरडा असताना तो पिंपात सैल बसला पाहिजे, वर हात घालून फिरवता आला पाहिजे. दाबून कोंबावा लागत असेल तर टबात हातानेच धुवावा. वरून उघडणाऱ्या यंत्रात त्याचा मधला भाग हवा धरून वर तरंगतो आणि कोरडाच राहतो, म्हणून आधी बादलीत दाबून हवा काढून मग घालावा. नेहमीच्या निम्माच साबण, तोही पातळ. आणि दोनदा खळबळणे. आत अडकलेला साबण पांघरूण कडक करतो, वर धूळ धरतो. घरात दम्याचे माणूस असेल आणि लेबल परवानगी देत असेल तर ६० अंश सेल्सिअसच्या पाण्यात धुवावे, कारण त्या उष्णतेला धुळीतले सूक्ष्म किडे मरतात. पिसांचा कंफर्टर या भागात क्वचितच दिसतो. तो सौम्य साबणाने धुतला तरी गरम हवेच्या यंत्राशिवाय आतून नीट वाळत नाही, तेव्हा तो घरी धुऊ नये हेच बरे.

या मुलखात खरी परीक्षा वाळवण्याची. बेळगाव समुद्रसपाटीपासून सुमारे ७५० मीटर उंचीवर आहे. पश्चिमेला कणकुंबी-जांबोटीकडे पाऊस कोसळतो, तर पूर्वेला अथणीला तो जेमतेम पडतो. एकाच जिल्ह्यात अथणीकर जुलैतही वाकळ वाळवू शकतो आणि खानापूरकराच्या दांडीवरच्या चादरीला त्याच महिन्यात वास मारतो. पश्चिम भागात जूनपासून दसऱ्याच्या धुणीपर्यंत जाड पांघरूण भिजवूच नये. भिजवलेच तर चुलीच्या वरच्या कडीपाटाला सैल टांगावे किंवा पंख्याखाली दोन दिवस ठेवावे.

एका दोरीवर वाकळ टाकली की ती मधे झोळीसारखी लोंबते आणि पाणी कडेला साचते. दोन दोऱ्या हातभर अंतराने बांधून त्यांवर ती मांडवासारखी पसरावी, किंवा कट्ट्यावर, गवताच्या गंजीवर उलथी टाकावी. दर दोन तासांनी पालटावी. वरून हात लावला तर ती दुपारीच वाळलेली वाटते. फसू नये. जिथे चार थर एकत्र येतात त्या काठाला गाल लावून बघावे. हाताला न कळणारा गारवा गालाला कळतो. गार लागली तर दुसऱ्या दिवशीचे ऊनही तिचेच. अर्धी ओली वाकळ घडी घालून ठेवली तर आतून तिला काळी बुरशी धरते, आणि ते काळे ठिपके पुढे कशानेच जात नाहीत.

ऑगस्ट २०१९ च्या पुरात कृष्णा, दूधगंगा, वेदगंगा, घटप्रभा आणि मलप्रभाकाठच्या हजारो घरांत पाणी शिरले तेव्हा हातरुणाचे काय करायचे हा प्रश्न घरोघर उभा राहिला. पुराच्या पाण्यात गटाराचे पाणी मिसळलेले असते. त्यात भिजलेल्या कापसाच्या गाद्या आणि दुलया टाकूनच द्याव्यात, मोह धरू नये. वाकळ वाचवता येते: आधी नुसत्या पाण्याने गाळ काढून, मग ब्लीचिंग पावडरच्या निवळ पाण्यात थोडा वेळ ठेवून, मग सोडा-साबणाने. रंग उतरतो, पण पांघरूण वापरण्याजोगे राहते.

घोंगडे या यादीत येत नाही, तरी एक चूक नेहमी होते म्हणून सांगायचे. नव्या घोंगड्याला चिंचोक्याची खळ असते. ते गरम पाण्यात घालून आपटले की लोकर आटते आणि घोंगडे आखडते. गार पाणी आणि सावली, एवढेच त्याला पुरे.

ठेवताना पांघरुणे प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधू नयेत. जुन्या सुती लुगड्यात गुंडाळून, मधे वाळलेला कडुलिंबाचा पाला घालून पेटीत ठेवावीत आणि थंडी पडायच्या तोंडावर एकदा उन्हात काढावीत. वर्षानुवर्षे धुऊन विरलेली वाकळ कोणी टाकून देत नाही. तिचे टाके न उसवता, वर-खाली नवे लुगडे घालून ती दुसऱ्या वाकळीच्या पोटात शिवतात, आणि अशी वाकळ पहिल्या वेळी साबणाशिवायच भिजवतात, म्हणजे नवे सूत आटून जुन्याला धरते.