जिथे दोन्ही हकिकती खऱ्या असतात

एकच घटना, तिच्या एकमेकींना छेद देणाऱ्या दोन हकिकती, आणि दोन्ही खऱ्या. असं जग कल्पनेतच असू शकतं. पण ही कल्पना काही आजकालची नाही, आणि तिचा माग काढायला निघालं की वाट पुण्यावरून जातेच.

बऱ्याच मराठी वाचकांना हे जग भेटलं ते जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या विज्ञानकथेत. पुण्याचे इतिहासकार गंगाधरपंत अपघातानंतर अशा मुंबईत जाऊन पोचतात, जिथे पानिपत मराठ्यांनी जिंकलेलं आहे. विश्वासरावांना लागलेली गोळी तिथे कानाजवळून निघून गेली, एवढाच काय तो फरक. या कल्पनेला भौतिकशास्त्रातही आधार आहे. पुंजयांत्रिकीत, म्हणजे अणूसारख्या सूक्ष्म कणांच्या शास्त्रात, एखाद्या मोजमापाचे जेवढे निकाल शक्य आहेत, ते सगळेच प्रत्यक्षात येतात, फक्त वेगवेगळ्या शाखांमध्ये, असा विचार ह्यू एव्हरेट यांनी १९५७ साली मांडला होता. मात्र या मांडणीत प्रत्येक हकिकतीला आपापलं स्वतंत्र जग मिळतं. दोघींची गाठच पडत नाही, मग भांडण कशाला होईल? मला अवघड वाटतं ते दोघींनी एकाच गावात राहणं.

ते पुण्याने प्रत्यक्ष भोगलं आहे. १४ जानेवारी १७६१ला सदाशिवरावभाऊ पानिपतावर पडले. पण रणात सापडलेला देह त्यांचाच होता का, ही शंका मागे उरली. भाऊ गेले आणि भाऊ आहेत, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी बोलल्या जात होत्या. त्यांच्या पत्नी पार्वतीबाईंनी वैधव्य पत्करलं नाही. कपाळीचं कुंकू तसंच ठेवलं. पुढे ‘मीच भाऊ’ म्हणणारा तोतया उभा राहिला. त्याची चौकशी झाली, त्याला कैदेत टाकलं. तरी १७७६मध्ये रत्नागिरीहून तो सुटला तेव्हा कोकणात त्याच्या मागे माणसं गोळा झाली. शेवटी त्याला पकडून पुण्यात आणलं आणि त्याच वर्षी देहदंड दिला. कारभाऱ्यांना दुसरा इलाज नव्हता, हे मान्य. राज्य कोणाचं, या प्रश्नाला दोन उत्तरं चालत नाहीत. पण ज्या घराला देह मिळाला नाही, त्या घरातलं कुंकू कुठल्याही निवाड्याने पुसलं जात नाही, हेही तितकंच खरं.

तत्त्वज्ञानात जैनांच्या अनेकांतवादाने याला फार पूर्वीच जागा करून दिली होती. तिथे वस्तू एकच असते आणि विधानं दृष्टिकोनापुरती खरी असतात. कथांचा पेच याहून वेगळा आहे, कारण कथा सांगणारा ‘एका दृष्टीने’ असं म्हणत नाही. तो ‘असं घडलं’ म्हणतो.

हा पेच हाताळण्याचं सर्वांत मोठं काम भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेत झालं. १९१७ साली स्थापन झालेल्या या संस्थेने महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचं, म्हणजे पोथ्या ताडून पाहून पाठ ठरवणाऱ्या आवृत्तीचं, काम १९१९मध्ये हाती घेतलं, ते पुरं व्हायला १९६६ उजाडलं. देशभरातून आणि बाहेरूनही पोथ्या जमवल्या, त्यांची संख्या बाराशेच्या वर गेली. शारदा, बंगाली, तेलुगू, ग्रंथ, मल्याळम, देवनागरी अशा लिप्यांमधल्या या पोथ्या एकमेकींशी जुळत नव्हत्या.

या आवृत्तीचे प्रमुख संपादक वि. स. सुकथनकर यांनी ठरवलेली पद्धत मुद्दाम पाहावी अशी आहे. तुलनेच्या तक्त्यावर वरच्या ओळीत प्रचलित पाठातला एक श्लोक लिहायचा, एकेका रकान्यात एकेक अक्षर. खाली प्रत्येक पोथीला एक आडवी ओळ. पोथीतलं अक्षर जिथे बदलतं, तिथे ते त्याच रकान्यात नोंदायचं. उजवीकडे शेरे आणि जास्तीचे श्लोक यांच्यासाठी जागा राखलेली. छापताना जो पाठ पक्का नाही, त्याच्याखाली नागमोडी रेघ. बाकीचे पाठ तळटीपांत, मोठे प्रसंग परिशिष्टात. व्यासांचा लेखनिक झालेला गणपती, गणपतीच्या या शहरातच, परिशिष्टात गेला! भाविकांना हे बोचणार, हे उघड आहे. पण तो काढून टाकला नाही, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

याहून बोलका दाखला कर्णाचा. द्रौपदीच्या स्वयंवरात ‘मी सूताला वरणार नाही’ म्हणून तिने त्याला अडवलं, ही हकिकत घरोघरी माहीत आहे. चिकित्सक आवृत्तीच्या मुख्य पाठात ती नाही. तिथे जमलेले ब्राह्मण आपसांत बोलतात, की कर्ण, शल्य यांच्यासारख्या बलवानांनाही जे धनुष्य वाकवता आलं नाही, ते हा बटू कसं वाकवणार? म्हणजे एकीकडे कर्णाला संधीच नाकारली गेली, दुसरीकडे संधी मिळूनही तो हरला. यातली कुठली धरायची, यावर त्याच्या अपमानाचा सगळा अर्थ ठरतो. संपादकांनी त्यांतली एक वर घेतली, दुसरी खाली पोथ्यांच्या खुणांसह छापली. कर्णावर कीर्तन करणारा, नाटक लिहिणारा किंवा त्याच्यासाठी तावातावाने भांडणारा कुणीही त्यांतली हवी ती उचलू शकतो, आणि ती कुठल्या पोथीत आहे हे समोरच्याला दाखवू शकतो.