इस्बेर्त, होसे

इस्बेर्त, होसे : (३ मार्च १८८६–२८ नोव्हेंबर १९६६). स्पॅनिश रंगभूमीवरील व चित्रपटांतील चरित्र अभिनेते. जन्म व मृत्यू माद्रिद येथे. स्पेनमध्ये ते ‘पेपे इस्बेर्त’ याच नावाने ओळखले जातात. ठेंगणा बांधा, बसका चेहरा आणि घोगरा आवाज यांमुळे नायकाची भूमिका त्यांच्या वाट्याला क्वचितच आली.

त्यांच्या चित्रपटीय कारकिर्दीचा आरंभ कोठून धरावा, याविषयी एकवाक्यता नाही. स्पेनचे पंतप्रधान होसे कानालेहास यांची १२ नोव्हेंबर १९१२ रोजी माद्रिदच्या पुएर्ता देल सोल चौकात, एका पुस्तकाच्या दुकानासमोर, मानुएल पार्दिन्यास या अराज्यवाद्याने गोळ्या घालून हत्या केली. या घटनेवर लगोलग तयार झालेल्या मूकपटात अंत्ययात्रेची प्रत्यक्ष दृश्ये आणि हत्येचे नाट्यीकरण यांची सांगड घातली होती. त्यातील मारेकऱ्याची भूमिका इस्बेर्त यांनी केली. हा मूकपट वृत्तपट मानला, तर ते त्यांचे पदार्पण ठरत नाही. पुनर्रचित घटनाचित्र मानला, तर ठरते. ज्या भागात ते दिसतात तो नटांकडून करवून घेतलेला असल्याने दुसरे मत अधिक ग्राह्य वाटते. मात्र त्यानंतर बरीच वर्षे त्यांचे मुख्य क्षेत्र रंगभूमी हेच राहिले आणि पडद्यावर ते खऱ्या अर्थाने स्थिरावले ते बोलपटाच्या काळात.

माद्रिदच्या लारा नाट्यगृहातील विनोदी नाटकांतून त्यांची घडण झाली. त्या काळच्या स्पॅनिश नाटक मंडळ्यांत नटांची वर्गवारी ठरलेली असे आणि वृद्धांच्या भूमिका करणाऱ्या नटाला ‘बार्बा’ (दाढी) म्हणत. इस्बेर्त यांच्या उत्तरकालीन अभिनयाचे मूळ काही समीक्षक ‘एस्पेर्पेंतो’ या विद्रूपीकरणावर आधारलेल्या नाट्यशैलीत शोधतात. ही शैली संबंधित चित्रपटांच्या आशयाला लागू पडते हे खरे. पण नटापुरते बोलायचे, तर शहरी सामान्यजनांचे बोलणे-चालणे टिपणाऱ्या ‘साइनेते’ या छोटेखानी नाट्यप्रकाराचा ठसा अधिक स्पष्ट आहे. प्रसंग कितीही भीषण असला, तरी त्यांचे पात्र घरगुती कुरकुरीच्या सुरातच बोलते.

लुइस गार्सिया बेर्लांगा यांच्या ‘बिएन्वेनिदो, मिस्टर मार्शल!’ (१९५३) या चित्रपटात अमेरिकी मदतीच्या आशेने आपले गाव नटवणाऱ्या, कानाने अधू असलेल्या नगराध्यक्षाची भूमिका त्यांनी केली. त्यातील सज्ज्यावरून केलेले भाषण, ज्यात ‘मी तुम्हाला खुलासा देणे लागतो’ हे एकच वाक्य फिरून फिरून येते आणि खुलासा मात्र येत नाही, स्पेनमध्ये राजकीय शब्दजंजाळाचा नमुना म्हणून आजही उद्धृत होते. बेर्लांगांच्याच ‘लोस हुएवेस, मिलाग्रो’ (१९५७) मध्ये ते संताचे सोंग घेतात. मार्को फेर्रेरी यांच्या ‘एल कोचेसितो’ (१९६०) मधील डॉन आन्सेल्मो हा धडधाकट वृद्ध, मित्रांकडे आहे म्हणून अपंगांच्या मोटारगाडीचा ध्यास घेतो आणि त्यापायी कुटुंबावर विषप्रयोग करण्यापर्यंत जातो. दुय्यम भूमिकांत रुळलेल्या या नटाला येथे, चौऱ्याहत्तरीच्या घरात, चित्रपटाचा केंद्रबिंदू होता आले.

‘एल बेर्दुगो’ (१९६३) मधील आमादेओ ही त्यांची सर्वश्रेष्ठ भूमिका मानली जाते. निवृत्तीला आलेला हा सरकारी फाशीगर घर मिळवण्यासाठी आपली नोकरी जावयाच्या गळ्यात बांधतो. गॅरोट या गळा आवळण्याच्या यंत्राची पिशवी तो एखाद्या गवंड्याने हत्यारे न्यावीत तशी नेतो. नीनो मानफ्रेदी यांचा जावई कथेच्या मध्यभागी असला, तरी हुकूमशहा फ्रांकोच्या राजवटीत देहदंडाला आलेले कारकुनी रूप दिसते ते या सासऱ्याच्या सौम्य वागण्यातून. याउलट ‘ला ग्रान फामिलिया’ (१९६२) या कुटुंबवत्सल चित्रपटात माद्रिदच्या प्लासा मायोरमधील नाताळच्या बाजारात हरवलेल्या नातवाला ‘चेंचो!’ अशी हाक मारणारे आजोबा त्यांनी रंगवले, आणि सर्वसाधारण प्रेक्षकाच्या स्मरणात तीच हाक अधिक राहिली.

त्यांची कन्या मारिया इस्बेर्त (१९१७–२०११) हीदेखील चरित्र अभिनेत्री होती.