निशाणी ५ आणि कलम ९-अ : मिळकतीचे दावे का रखडत गेले

जमिनीचा किंवा घराचा दिवाणी दावा दाखल झाला की सोबत तूर्तातूर्त मनाईचा, म्हणजे निकाल लागेपर्यंत समोरच्याला रोखून धरण्याचा, अर्ज येतोच. महाराष्ट्रातल्या कोर्टांत तो ‘निशाणी ५’ म्हणून ओळखला जातो. दाव्याचा अंतिम निकाल बहुतेकांना फार लांबचा वाटतो, त्यामुळे खरी लढाई या अर्जावरच होते. वादीला मनाई मिळाली तर त्याला दावा संपवण्याची घाई उरत नाही. अर्ज फेटाळला तर प्रतिवादीला ती नसते.

मनाई हुकमाची कल्पना इंग्लंडच्या चॅन्सरी कोर्टातून आपल्याकडे आली. आज ती १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ मध्ये आहे. दाव्याचा फैसला होईपर्यंत मिळकत कुणी विकू नये, पाडू नये, तिच्यावर बांधकाम करू नये, एवढाच तिचा हेतू. प्रथमदर्शनी हक्क, सोय-गैरसोयीचा तोल आणि भरून न येणारं नुकसान या तीन कसोट्या वकिलांना तोंडपाठ असतात. १९७६ च्या दुरुस्तीने आणखी दोन गोष्टी घातल्या. समोरच्याला नोटीस न देता हुकूम द्यायचा तर कारणं नोंदवायची, आणि असा एकतर्फी हुकूम दिला तर अर्ज तीस दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करायचा. मुदत उलटली म्हणून हुकूम आपोआप रद्द होत नाही. अशा वेळी बाधित पक्षकार अपिलात जाऊ शकतो, असं सर्वोच्च न्यायालयाने २००० साली सांगितलं. पण अपील म्हणजे आणखी एक कोर्ट आणि आणखी तारखा.

महाराष्ट्राची स्वतःची कथा मात्र वेगळी आहे, आणि माझ्या मते या विषयातला सगळ्यात शिकण्यासारखा भाग तोच. सरकारवर दावा लावण्याआधी याच संहितेच्या कलम ८० खाली दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. १९६० च्या दशकात मुंबईच्या सिटी सिव्हिल कोर्टात अशी वैध नोटीस न देताच दावे दाखल होत. कोर्ट हंगामी मनाई देई आणि अर्जाची सुनावणी पुढे ढकले. तेवढ्या काळात वादी नोटीस देई आणि मुदत भरली की दावा मागे घेऊन नवा दाखल करण्याची परवानगी मिळवी. मधल्या काळात मनाई चालूच. हंगामी दाद देताना आपल्याला अधिकारक्षेत्र, म्हणजे तो दावा चालवण्याचा अधिकार, आहे का, हे कोर्टाने तपासण्याची गरज नाही, असा मुंबई उच्च न्यायालयाच्या एका निकालाचा अर्थ घेतला गेला होता.

हा गैरवापर थांबवण्यासाठी राज्याने १९७० मध्ये संहितेत कलम ९-अ घातलं, आणि १९७६ च्या केंद्रीय दुरुस्तीनंतर १९७७ मध्ये ते पुन्हा आणलं. मनाई अर्जाच्या वेळी अधिकारक्षेत्राचा आक्षेप आला तर आधी तो प्राथमिक मुद्दा म्हणून निकाली काढायचा, असं ते सांगत होतं. हेतू चांगला होता. पण प्रतिवादींच्या लवकरच लक्षात आलं की आक्षेप घेतला की मूळ वाद बाजूला पडतो. दावा मुदतबाह्य आहे, म्हणजे कायद्याने दिलेली मुदत उलटल्यावर दाखल झाला आहे, हा आक्षेपही त्यात आणला जाऊ लागला. मग त्याच मुद्द्यावर साक्षीपुरावे आणि उलटतपास, त्यावरच्या आदेशाविरुद्ध वरच्या कोर्टात धाव, आणि सगळं संपल्यावर तेच साक्षीदार मूळ दाव्यात पुन्हा पिंजऱ्यात. शिवाय प्राथमिक मुद्दा ठरेपर्यंत हंगामी दाद देण्याची मुभा त्याच कलमात होती. म्हणजे ज्या हंगामी मनाईला आळा घालायचा, तीच वर्षानुवर्षं टिकू लागली.

मुदतीचा प्रश्न या कलमात बसतो की नाही यावर २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्याच दोन खंडपीठांनी परस्परविरोधी निकाल दिले. शेवटी २०१८ मध्ये राज्याने कलम ९-अ रद्द केलं. २०१९ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने स्पष्ट केलं की ‘अधिकारक्षेत्र’ हा शब्द इथे संकुचित अर्थानेच, म्हणजे दावा चालवण्याच्या अधिकारापुरताच, घ्यायचा, आणि ज्याला पुरावा लागतो असा मुदतीचा प्रश्न प्राथमिक मुद्दा म्हणून ठरवता येत नाही. जवळजवळ अर्धं शतक या कलमाखाली गेलं. त्यात किती वादी-प्रतिवादी वारले आणि त्यांच्या जागी वारस दाखल झाले, याचा विचार केला तरी वाईट वाटतं.

ताब्याच्या जोरावर मागितल्या जाणाऱ्या मनाईचा प्रश्न वेगळाच. गोव्यातल्या बहीण-भावाच्या एका घराच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये तो हाताळला. राखणदार, नोकर किंवा मालकाच्या परवानगीने फुकट राहणारा नातेवाईक कितीही वर्षं राहिला तरी त्याला मिळकतीत हक्क मिळत नाही, आणि अशा ताब्याला कोर्टाने संरक्षण देऊ नये, असं त्यात ठरलं. ताबा सांगणाऱ्याने तो कसा आला, केव्हापासून आहे, कोणत्या कागदाच्या आधारे आहे, हे आपल्या लेखी म्हणण्यात तपशिलाने मांडलं पाहिजे, असंही न्यायालयाने म्हटलं. नुसतं ‘माझी वहिवाट आहे’ एवढ्यावर मनाई देण्याच्या सवयीवर हा थेट घाव होता.

वाटपाच्या दाव्यात तर हुकूमनामा, म्हणजे कोर्टाचा अंतिम हुकूम, मिळाल्यावरही वाट पाहणं बाकी राहतं. शेतसारा लागणाऱ्या जमिनीचं प्रत्यक्ष वाटप संहितेच्या कलम ५४ प्रमाणे कलेक्टरकडे जातं. मोजणी होते, सरस-निरस म्हणजे कोणती जमीन चांगली, कोणती हलकी ते ठरतं, हरकती येतात. कुठल्याही टप्प्यावर वरच्या कोर्टाने स्थगिती दिली की काम तिथेच थांबतं. अशा स्थगितीला सहा महिन्यांची मर्यादा घालण्याचा प्रयत्न सर्वोच्च न्यायालयाच्या २०१८ च्या एका निकालाने केला होता. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो निकाल फिरवला, त्यामुळे आता केवळ मुदत उलटली म्हणून स्थगिती उठत नाही. ज्याला ती उठवून हवी, त्याला पुन्हा अर्ज करावा लागतो.